मुलगाच हो तुमची मुलगी

पाचवीत असताना मी वडिलांबरोबर त्यांच्या न्हाव्याकडे गेले आणि बारीक केस कापून घरी आले. राजापूरची आत्या तेव्हा आमच्याकडे राहायला आली होती. मला दारात बघून तिने आईला विचारलं, "हा कोणाचा गो?" मी कोण ते कळल्यावर तिला साखर-पाणी द्यावं लागलं. घराण्यावर एवढं मोठं संकट याआधी आलं नव्हतं म्हणे.

मग माझ्या सुधारणेचं काम आत्याने हाती घेतलं. अर्धी चड्डी बंद, सायकल बंद, बागेतल्या आंब्याच्या कलमांवर चढणं तर कायमचं बंद. चढणाऱ्या मुलींची लग्नं जमत नाहीत, हे ज्ञान तिला कुठून झालं होतं कोण जाणे.

दहावीची परीक्षा दिली त्या वर्षीच्या मे महिन्यात वडील बागेत घसरले आणि पायाला प्लास्टर लागलं. आंबे तयार होते, संध्याकाळी टेम्पो यायचा होता, आणि आमचे सगळे गडी गुहागरला एका लग्नाला गेले होते. नेमकी आत्याही आलेली. तिने झाडाकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं.

"बघत काय राहिलीस? चढ!"

"आणि माझं लग्न?"

"ते नंतर बघू. देठासकट काढ हां, चीक उडवू नको."

मुलीच्या जातीला काय शोभतं, याचे नियम टेम्पोच्या वेळेप्रमाणे बदलतात, हे मला त्या दिवशी समजलं. मी दुपारभर आंबे काढत होते आणि खाली उभी राहून आत्या मला फांद्या दाखवत होती. शेजारचे काका कुंपणापाशी थांबून म्हणाले, "मुलगाच हो तुमची मुलगी!"

"मग!" आत्या म्हणाली. तिचा आवाज अभिमानाने भरून आला होता.

मला मात्र फांदीवर बसल्या बसल्या रडू आलं. इतकी वर्षं मी मुलगी म्हणून वाईट होते, आणि आता चांगली ठरले ती मुलगा म्हणून. मी वरून ओरडले, "मी मुलगीच आहे!"

"बरं, बरं," आत्या म्हणाली. "डावीकडचे राहिले बघ."

आता बाग मीच बघते. लग्नही झालं, तेही बागेत खत द्यायला आलेल्या माणसाशी. व्यापारी येतात, माझ्याकडे बघून विचारतात, "मालक आहेत का?"

"आहेत," मी म्हणते, आणि खुर्चीत बसून त्यांना भाव सांगते.