वकीलकाकांचा सुपरहिरो

अकोल्याचे आमचे वकीलकाका सुपरहिरोंचे सिनेमे बघत, आणि तेही स्वस्तातले. कुणा साध्या माणसानं हातातल्या कॅमेऱ्यानं टिपलेलं, मागाहून कुणाला तरी सापडलेलं चित्रीकरण आहे, अशी बतावणी करणारे. चित्र सारखं हलायचं, हिरो उडाला की नुसते पाय दिसायचे. साठी उलटलेला हा माणूस भुईमुगाच्या शेंगा फोडत ते तल्लीन होऊन बघे.

मी अमरावतीहून रविवारी गेले की मलाही शेजारी बसवत. एकदा विचारलं, "काका, एवढे झकपक सिनेमे सोडून हे काहून?"

"पोरी, घडाघडा बोलनारा साक्षीदार पाठ करून आलेला असते. खरं पाह्यलेला मानूस अडखळते. मोठ्या सिनेमात कॅमेऱ्याले आधीच मालूम असते, हिरो कुठून येनार. इथं तो दचकते. म्हनून मले पटते."

कोर्टातही ते अडखळणाऱ्याला घाई करत नसत. "पाणी प्या, मग सांगा," म्हणत.

पुढे काकूंना कंपवात झाला. जन्मभर शाळेत चित्रकला शिकवलेली बाई; आता कप बशीत वाजतो म्हणून पाहुण्यांसमोर येईना. रांगोळी सुटली, हळूहळू बोलणंही. काकांनी समजूत घातली नाही. एका सकाळी सत्कारात मिळालेली शाल गळ्याभोवती बांधली, मोबाइल काकूंच्या हातात दिला आणि म्हणाले, "चाल गच्चीवर. सिनेमा काढू."

"माह्या हातानं? सारं हालन ना!"

"हाललंच पाह्यजे. सुपरहिरो पाहून कोनाचा हात स्थिर राह्यते?"

आणि गुडघाभर उंचीच्या कठड्यावरून काकांनी उड्डाण केलं, ते थेट वाळत घातलेल्या कुरडयांत. काकू आधी ओरडल्या, मग कितीतरी दिवसांनी पोट धरून हसल्या. हसू ओसरल्यावर म्हणाल्या, "पुन्यांदा उडा. पाय आले नाही."

मग दर रविवारी काका उडत आणि काकू चुका काढत. हात काही बरा झाला नाही. पण कप वाजत असला तरी चहा घेऊन त्या बैठकीत येऊ लागल्या.

गेल्या उन्हाळ्यात काका हृदयविकारानं गेले. तेराव्यानंतर काकूंनी मोबाइल माझ्यापुढे धरला. "लाव," एवढंच म्हणाल्या.

गच्ची हलते, ऊन हलतं. शालीचं टोक दिसतं आणि काका चौकटीबाहेर जातात. मोकळं आभाळ तेवढं थरथरत राहतं. काकूंचा आवाज येतो, "अहो, दिसून नाही राह्यले तुमी!"

"इथंच हावो मी," बाजूनं काका म्हणतात. "तू घेत राह्य."