कापलेल्या स्ट्रिपचे तुकडे

जिल्ह्यातल्या औषधविक्रेत्यांच्या मेळाव्यासाठी स्मरणिका निघते आहे. तिच्यात मी 'अँटिबायोटिकचा देशातला बाजार आणि उद्याचा अंदाज' या विषयावर लिहावं, असं संघटनेतल्या तरुण मंडळींनी सुचवलं. धंद्यातला जुना माणूस म्हणून. मी हो म्हणालो, कारण मला दुसरं काम नाही. मुलगा पुण्याला असतो, रविवारी त्याचा फोन येतो. वडनेरला हायवेच्या कडेला माझं मेडिकल होतं, ते मी भाड्यानं दिलं. दुकानाच्या मागच्या दोन खोल्यांत मी राहतो. दिवसभर भिंतीपलीकडून शटरचा, गिऱ्हाइकांचा आवाज येतो. माझ्याकडे कोणी येत नाही.

लेखाला सुरुवात केली तेव्हा वाटलं, सोपं आहे. हा बाजार मी जन्मभर पाहिला. वर्षातून एकदा कंपन्या आम्हाला अकोल्याच्या हॉटेलात बोलवायच्या. पडद्यावर आलेख दाखवायच्या. खोकल्याच्या औषधाची रेघ खाली-वर व्हायची, टॉनिकची कधी झोपायची, पण अँटिबायोटिकची रेघ दरवर्षी वरच चढलेली असायची. पाऊस संपता संपता ताप सुरू झाले की आमचीही ऑर्डर दुप्पट. कोरोनात तर लोक घरातल्या प्रत्येक माणसासाठी गोळ्या घेऊन ठेवत होते. कच्चा माल चीनमधून येतो, तिकडे कारखाने बंद पडले की इकडे भाव चढतात. सरकारनं काही औषधांच्या किमती बांधून दिल्या, काही मिश्रणं बंद केली, चिठ्ठीशिवाय विकू नये म्हणून स्ट्रिपवर लाल रेघ आली. तरी खप थांबला नाही. पुढंही थांबणार नाही. एवढा अंदाज मी डोळे मिटून देऊ शकतो.

पण तेवढंच लिहून मला पुढं जाता आलं नाही. कारण या मालाची एक गोष्ट त्या पडद्यावर कधीच दिसायची नाही. साखर कितीही विकली तरी गोडच लागते. हा माल जितका जास्त आणि जितका अर्धवट खपतो, तितके जंतू त्याला सरावतात आणि पुढच्या माणसाला तो लागू पडत नाही. हे मला कोणत्या मीटिंगमध्ये कळलं नाही. माझ्या घरात कळलं.

आमच्याकडे पूर्ण कोर्स मागणारं गिऱ्हाईक क्वचितच. शेतात जाणारा माणूस दिवस मोडून दवाखान्यात बसत नाही. तो सकाळी सकाळी काउंटरवर येतो आणि म्हणतो, "कडक डोस द्या. उद्या कापसाले जा लागते." डोस म्हणजे कागदाच्या पुडीत बांधलेल्या दोन-तीन वेगवेगळ्या गोळ्या, एका दिवसाच्या. त्यात एक अँटिबायोटिक असायचीच. त्यासाठी माझ्या काउंटरला सुतळीनं कात्री बांधलेली होती. स्ट्रिप घ्यायची, दोन गोळ्या कापायच्या, पुडीत टाकायच्या. बरं वाटलं की तो परत येत नाही, आणि बरं त्याला वाटायचंच. मीही बोलायचो नाही. पूर्ण कोर्स घे म्हटलं तर तो समोरच्या दुकानात जाईल, ही भीती. खरं तर भीतीसुद्धा नव्हती. सवय होती.

अशा कापाकापीत शेवटचे तुकडे उरायचे. ज्या तुकड्यावर औषधाचं नाव नाही, मुदतीची तारीख नाही, तो गिऱ्हाईक घेत नाही. मुदत संपल्यावर कंपनी माल परत घेते, पण अख्खी स्ट्रिप असेल तर. कापलेली कोणी परत घेत नाही. मी ते तुकडे फेकायला लागलो तेव्हा माझ्या बायकोनं हात धरला.

"फेकता काऊन? ठुवा घरी. कामी येतीन."

तिनं बिस्किटाचा एक पत्र्याचा डबा रिकामा केला आणि त्यात ते तुकडे ठेवायला सुरुवात केली. तिला रंगावरून आणि आकारावरून सगळं ओळखता यायचं. आळीतल्या बायका तिच्याकडे यायच्या. कोणाची दाढ, कोणाचा कान, कोणाच्या पोराचा ताप. ती डबा उघडून बसायची, आणि मी चहा पिता पिता सांगायचो. ती, ती पांढरी दे. एक सकाळी, एक संध्याकाळी. गावाला आमचा अभिमान होता आणि आम्हाला डब्याचा.

तिला स्वतःला लघवीच्या जळजळीचा त्रास होता. वरचेवर व्हायचा. ती डब्यातल्या सिप्रो नावाच्या अँटिबायोटिकच्या दोन गोळ्या घ्यायची, आग थांबली की बंद. काही महिन्यांनी पुन्हा. कधी सिप्रो नसली तर दुसरी कुठली. एकदा मी म्हणालो, पाच दिवसांची अख्खी स्ट्रिप आणून देतो, नीट घे. ती हसली.

"दुकानदाराची बायको अन् पुरी स्ट्रिप? जमा झालेलं कोन संपवीन मंग?"

मीही हसलो. अख्खी स्ट्रिप विकता येते, तुकडा विकता येत नाही, हा हिशेब माझ्याही डोक्यात होता. असं किती वर्षं चाललं ते मी मोजलं नाही.

कोरोना ओसरल्यानंतरच्या हिवाळ्यात तिला थंडी वाजून ताप आला. डब्यातल्या गोळ्यांनी उतरला नाही. तिसऱ्या दिवशी ती असंबद्ध बोलायला लागली. तिचा भाऊ, माझा मेव्हणा, जवळच्याच खेड्यात भाजीपाला करतो. तो गाडी घेऊन आला. मोताळ्यावरून, राजूर घाट चढून आम्ही तिला बुलढाण्याच्या एका खाजगी दवाखान्यात नेलं. तिथं एक तरुण डॉक्टरीण होत्या. त्यांनी तपासलं आणि बाहेर येऊन मला विचारलं, "काका, याआधी त्यांनी कुठली अँटिबायोटिक घेतली आहेत का? गेल्या काही महिन्यांत?"

मी म्हणालो, "नाही. साधी तापाची गोळी फक्त."

मेव्हणा शेजारी उभा होता. दवाखान्यातला मेडिकलवाला मला ओळखायचा, तोही ऐकत होता. एका औषधविक्रेत्याच्या बायकोनं डब्यातले तुकडे खाल्ले, हे मला त्यांच्यासमोर सांगवेना. एवढंच कारण. याहून मोठं काही कारण शोधायचा मी पुष्कळ प्रयत्न केला, सापडलं नाही.

डॉक्टरीणबाईंनी संध्याकाळी पुन्हा विचारलं. मी पुन्हा नाही म्हणालो. मग त्यांनी अशा आजारात जे इंजेक्शन देतात ते सुरू केलं आणि लघवी तपासायला पाठवली. कोणतं औषध लागू पडेल हे सांगणारी ती तपासणी असते, तिला दोन-तीन दिवस लागतात. ते दिवस बायको खाटेवर पडून होती आणि इंजेक्शन पाण्यासारखं जात होतं. तपासणीचा निकाल आला तेव्हा बाईंनी मला आत बोलावलं. नेहमीचं एकही औषध लागू नव्हतं. कोलिस्टिन नावाचं एक जुनं औषध तेवढं उरलं होतं. मूत्रपिंडाला बाधतं म्हणून ते मागं कधीतरी बाजूला टाकलेलं, आता दुसरं काहीच चालत नाही तेव्हा वापरतात.

ते औषध अख्ख्या जिल्ह्यात कुठंही नव्हतं. मी माझ्या सगळ्या ओळखी लावल्या. खामगाव, चिखली, मेहकर, मलकापूर. प्रत्येक होलसेलर म्हणाला, भाऊ, चालत नाही ते, कोण ठेवणार? बरोबर होतं त्यांचं. मीही ठेवलं नसतं. जे औषध कमीत कमी वापरलं तरच टिकतं, त्यात आमच्या धंद्याला काही नाही. नवीन अँटिबायोटिक शोधायला मोठ्या कंपन्या का तयार नाहीत, हे मी त्या दिवशी दवाखान्याच्या बाकावर फोन हातात धरून समजलो. इतका पैसा घालून शोधायचं आणि मग जपून वापरा म्हणून कपाटात ठेवायचं, असा माल कोण बनवील?

शेवटी नागपूरहून रेल्वेनं मलकापूरला पार्सल आलं. बुलढाण्याला रेल्वे नाही, तिथून मेव्हणा ते घाट चढून घेऊन आला. दुसऱ्या दिवशी ती गेली. आधीच सांगितलं असतं तर बाईंनी पहिल्याच दिवशी वेगळा विचार केला असता. ती वाचली असती असं मी म्हणत नाही. वाचू शकली असती.

मेव्हण्यानं दवाखान्याच्या दारात, सगळ्यांच्या देखत, बाईंना म्हटलं, "तुमीच मारलं माह्या बहिणीले. तीन दिवस चुकीचं इंजेक्शन देल्लं." तो रडत होता. गावाकडून आलेली माणसं त्याच्या मागं गोळा झाली होती.  बाईंनी माझ्याकडे पाहिलं. त्यांनी दोनदा विचारलं होतं. माझं उत्तर खोटं होतं हे मला ठाऊक होतं, आणि निकाल पाहून त्यांनाही कळलं असावं. मी खाली पाहिलं.

एवढ्यावर संपलं असतं तरी एक वेळ चाललं असतं. पण बोलणं पसरलं. माझ्याच काउंटरवर लोक विचारायचे, पेशंटला बुलढाण्याला कुठं न्यावं? कोणीतरी लगेच म्हणायचं, त्या दवाखान्यात नका नेऊ, भाऊच्या बायकोला तिथल्या बाईनं मारलं. आणि मी काउंटरच्या आत उभा राहून कात्रीनं स्ट्रिप कापत असायचो. पुढं एका एमआरनं, म्हणजे कंपनीच्या प्रतिनिधीनं, सहज सांगितलं की त्या बाई बुलढाणा सोडून गेल्या. पेशंट येईनासे झाले होते म्हणे. कुठं गेल्या हे मी विचारलं नाही. त्यानंतर थोड्याच दिवसांनी मी दुकान भाड्यानं दिलं. लोकांना वाटलं, बायको गेल्यावर मन लागत नाही. तेही होतं.

तेव्हापासून माझ्याकडे येणारा माणूस म्हणजे फक्त मेव्हणा होता. बाजाराच्या दिवशी तो वडनेरला भाजी विकायला येतो. बाजार उठला की एका पिशवीत वांगी, मेथी, मिरच्या घेऊन माझ्याकडे यायचा. आम्ही चहा प्यायचो. तो भाव पडल्याचं सांगायचा, मी मुलाचं सांगायचो. बहिणीची आठवण निघाली की तो हमखास त्या डॉक्टरीणबाईंना शिव्या द्यायचा. मी कपात पाहायचो. आठवड्यातला तो एक तास मला मिळत राहावा, म्हणून मी गप्प होतो. बाकीचे दिवस मी त्या तासाची वाट पाहत असे.

हा लेख लिहायला बसलो त्याच आठवड्यात तो आला आणि पिशवी ठेवत म्हणाला, "भाऊजी, ताईच्या डब्यातल्या दोन गोळ्या द्या न. लघवीले आग होऊन राह्यली."

डबा अजून फळीवर होता. मी टाकला नव्हता.

"नाही देत," मी म्हणालो.

"काऊन? ताईच्या मांगं तुमी लयच कंजूस झाले."

तो हसत होता. मी त्याला बसवलं आणि सांगितलं. डबा, तुकडे, बाईंनी दोनदा विचारलेलं, मी दोनदा दिलेलं खोटं उत्तर. सांगायला फार वेळ लागला नाही. इतकी वर्षं जे पोटात ठेवलं ते चहा निवायच्या आत संपलं. नांदुऱ्याच्या सरकारी दवाखान्यात जा आणि लघवी तपासून घे, हेही सांगितलं.

त्यानं पिशवीतली भाजी खाली ओतली आणि रिकाम्या पिशवीची घडी केली. मग म्हणाला, "मी त्या बाईले भर दवाखान्यात खुनी ठरवलं. तवा तुमी माह्या बाजूले उभे होते."

"हो."

"अन् बोलले नाई."

"नाही."

तो उठला. चहा तसाच राहिला.

पुढच्या बाजाराला मी दार उघडं ठेवून बसलो. बाजार उठला, गाड्या निघाल्या, तो आला नाही. त्याच्या पुढच्या बाजाराला भाजी घ्यायला मीच गेलो. त्याच्या ढिगापुढं उभा राहिलो. त्यानं मला पाहिलं, तराजू उचलला, वांगी तोलली आणि इतर गिऱ्हाइकांना सांगतो तसा भाव सांगितला. मी पैसे दिले. त्यानं घेतले. त्याच्याकडून भाजी विकत घ्यायची माझ्यावर ही पहिलीच वेळ.

मी विचारलं, आग थांबली का?

"तपासून आनली. पुरा कोर्स घेऊन राह्यलो." तो दुसऱ्या गिऱ्हाइकाकडे वळला. मी निघालो तेव्हा मागून म्हणाला, "त्या डॉक्टरीणबाई कुठी हायेत आता?"

"माहीत नाही."

"मंग पता लावा. मले त्यायले भेटाचं हाये."

म्हणून हा लेख मी संघटनेच्या मंडळींना देतो आहे. त्यांनी मागितला तो अंदाज यात आहे, फार लांबलचक नाही. खप वाढेल, गुण कमी होत जाईल, आणि ज्या दिवशी खरंच गरज पडेल त्या दिवशी कोणाच्या कपाटात माल नसेल. संघटनेतली मुलं म्हणतील, आजोबा, बाजाराचं ठेवू, घरचं काढून टाकू. तसं करू नका. छापायचा तर सगळा छापा.

स्मरणिका जिल्ह्यातल्या प्रत्येक दुकानात जाते आणि काउंटरवर थांबलेले एमआर ती चाळतात, हे मला माहीत आहे. कोण डॉक्टर कुठून कुठं गेला, हे त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक नसतं. बुलढाण्यातून त्या वर्षी गेलेल्या तरुण डॉक्टरीणबाई आता कुठं बसतात, हे ज्याला कळेल त्यानं वडनेरच्या माझ्या जुन्या दुकानात निरोप ठेवावा. निरोप भिंतीपलीकडून माझ्यापर्यंत पोचेल. मेव्हणा येईल, मीही जाईन. आधी मी बोलेन. तो जे बोलला ते मी गप्प राहिलो म्हणून बोलला, हे त्यांना त्याच्या देखत सांगायचं आहे.

डबा मी रिकामा करून फळीवरून काढला आहे. फळीवर त्याचा गोल डाग राहिला आहे, तो पुसून जात नाही.