पिसांखालच्या उवा

वागळे इस्टेटमधलं वर्कशॉप बंद झालं, तेव्हा नवऱ्याने मुरबाड रोडला सासऱ्यांच्या जागेवर ब्रॉयलर कोंबड्यांची शेड टाकली. आम्ही राहायला ठाकुर्लीला, सासरे तिथेच शेडजवळच्या घरात. तो रोज जायचा, सुट्टीला मीही जायचे. सुरुवातीच्या बॅच बऱ्या गेल्या.

मग एका बॅचचे पक्षी खाईनात. सारखे चोचीने अंग उकरायचे. नवऱ्याने एक पक्षी उलटा धरून शेपटीखालच्या पिसांवर फुंकर मारली. लाल कातडीवर पिवळट उवा सैरावैरा पळाल्या. पिसांच्या बुडाशी लिखांचे गठ्ठे चिकटलेले.

गुरांचे डॉक्टर आले. म्हणाले, "माल विक्रीला आलाय. आता उवांची पावडर मारली तर ती खाणाऱ्याच्या पोटात जाईल. ही बॅच तशीच काढा, मग शेड साफ करा." मग त्यांनी परसात फिरणाऱ्या गावठी कोंबड्यांकडे बोट केलं. "या कोंबड्या शेडमध्ये शिरतात?"

"शिरतात, उबेला," सासरे म्हणाले.

"मग उवा यांच्याच अंगावरून आल्यात. या राखेत लोळतात, त्यांचं भागतं. ब्रॉयलरला स्वतःचं अंग उचलत नाही, तो काय लोळणार? या काढाव्या लागतील."

त्या कोंबड्या सासूबाईंच्या. सासूबाई वारल्यावर सासरे दिवसभर त्या कोंबड्यांशीच बोलायचे. नवरा म्हणाला, "बाबा, कुणाला तरी पाळायला देऊ."

"आता कोण पाळतंय रे? कापायलाच नेणार," ते म्हणाले आणि स्वतःच एकेकीचे पाय बांधायला बसले. एक म्हातारी कोंबडी कुणाच्या हाती लागेना. शेवटी ते तळहातावर तांदूळ घेऊन उकिडवे बसले. ती नेहमीसारखी दाणे टिपायला आली आणि त्यांनी तिला धरलं. मी आत निघून गेले.

ब्रॉयलरही हडकुळे म्हणून पडत्या भावाने गेले. आम्ही पक्ष्यांखाली अंथरलेलं भाताचं तूस जाळलं, भिंतींना चुना मारला, फटी भाजून काढल्या, शेड रिकामी ठेवली. नवीन पिल्लं आली, त्यांना पिसं फुटली, आणि मी एकाचा पंख उचलून बघितला तर खाली पुन्हा तेच. या वेळी तोंडाला फडकी बांधून पावडर मारली. लिखा मरत नाहीत म्हणून काही दिवसांनी परत मारली. तोवर पक्षी खंगले होते. त्यात उकाडा. रोज सकाळी कोपऱ्यात मेलेल्यांचा ढीग असायचा आणि नवरा तो गोणीत भरायचा.

डॉक्टर पुन्हा आले. म्हणाले, "माल न्यायला येणाऱ्या गाडीच्या क्रेटमधूनही येतात उवा. चिमण्यांकडूनही येतात."

"म्हणजे आमच्या कोंबड्यांमुळे नव्हत्या?" मी विचारलं.

"असतील, नसतील. आता काय सांगणार?"

सासरे ओट्यावर होते. त्यांनी ऐकलं. ते रागावतील असं मला वाटलेलं, रागावले असते तर बरं झालं असतं. ते नुसते उठले आणि परसात जाऊन उभे राहिले.

त्यानंतर आम्ही पिल्लं आणली नाहीत. नवरा आता ठाण्यात एका मॉलच्या पार्किंगमध्ये पावत्या फाडतो. सासऱ्यांना आम्ही ठाकुर्लीला आणलंय. ते पलंगावर बसून मनगट चोळत राहतात.

"बाबा, काही नाहीये तिथे."

"काहीतरी चालतंय गं," ते म्हणतात. मी त्यांचा हात उजेडात धरते आणि परत बघते.