सरांनी सोडलेली दोन गावं

मेश्राम सर बाजारात भाव करत नसत. वडशाच्या आठवडी बाजारात वांगेवाल्या बाईनं सांगितला तोच भाव त्यांनी निमूटपणे दिला आणि मागे उभ्या असलेल्या माझाही भाव बिघडवला. मी तिथंच त्यांना झापलं. ते शांतपणे म्हणाले, "भाऊ, सांज होऊन राह्यली. बाईपाशी आता दुसरं गिऱ्हाईक नाई. अशाच्या संगं घासाघीस करनं म्हनजे दादागिरी. वाटाघाटी बराबरीच्या मानसासंगं होतात."

मी दुसऱ्याचे पडदे बांधता बांधता झाडीपट्टीत स्वतःची नाटक कंपनी उभी केलेला माणूस. मला वाटाघाटी शिकवायला निघालेला हा पहिलाच मनुष्य, आणि तोही पिशवीत किडकी वांगी घेऊन.

सर कॉलेजात आंतरराष्ट्रीय राजकारण शिकवत, तासिका तत्त्वावर. घरी समोरच्या खोलीत बुद्धमूर्तीशेजारी त्या विषयातल्या थोरांची चित्रं लावलेली. नावं जिभेवर न बसणारी, म्हणून आपण व्याह्यांना गावावरून ओळखतो तसं सर त्यांना अथेन्सवाले, फ्लॉरेन्सवाले म्हणत. "अथेन्सवाल्याले लढाई हरला म्हून गावाबाहेर काढलं, तवा त्यानं ग्रंथ लिहिला. फ्लॉरेन्सवाल्याची नोकरी गेली, तवा त्यानं राजाले सल्ले देल्ले. या लाईनीत आधी नोकरी जाते, मंग अक्कल येते. माझी तं कधी पक्कीच झाली नाई, म्हून अक्कलही अर्धीच."

एकदा त्यांनी ग्रीसमधल्या एका लहान बेटाची गोष्ट सांगितली. मोठं आरमार आलं आणि म्हणालं, शरण या. बेटावाले न्यायाची भाषा बोलत बसले.

"त्याईनं दुसऱ्या पार्टीले बोलवाले पायजे होतं," मी म्हणालो.

"तिच्याच भरवशावर होते. ते आलीच नाई."

"मंग?"

"मंग काय, बेट गेलं."

ही गोष्ट माझ्यावरच येईल असं तेव्हा वाटलं नव्हतं. दिवाळीनंतर मंडई, म्हणजे गावोगावची जत्रा, सुरू झाली की गावोगावची मंडळं नाटक ठरवायला वडशात येतात. त्याच्या तोंडावर बाबूशेठ माझ्या ऑफिसात आला. वडशातली सगळ्यात मोठी कंपनी त्याची. म्हणाला, "तुझी पाटी उतरव आन् माझी दुसरी पार्टी म्हून खेळ. नाई तं तुझं नाटक जिथी, त्याच्या बाजूच्या गावात त्याच दिवशी माझं. माझ्याकडे मुंबईची नटी आहे. तुझ्या मांडवात कुत्रं येनार नाई."

मी विचार करायला वेळ मागून घेतला आणि पुढच्या बैठकीला सरांना माझ्या बाजूनं बसवलं.

शेठ खुर्चीत रेलून म्हणाला, "मले अडवनारा वर कोनी आहे काय, सर?"

"कोनी नाई," सर म्हणाले.

शेठ हसत हसत निघून गेला. मी टेबलावर हात आपटला. "तुमी कोनाच्या बाजूचे हाय?"

"तुमच्याच. पन खोटं काऊन बोलू? देशाच्या वरही कोनी नसते. म्हून काय रोज लढाई होते? वर कोनी नाई भाऊ, पन बाजूले लोकं आहेत. एक ऑस्ट्रेलियावाला याच्यावर आख्खं पुस्तक लिहून गेला."

ऑस्ट्रेलियावाला माझं नाटक वाचवणार हे ऐकून मी कपाळाला हात लावला. पण सरांनी मला स्कूटरवर मागे बसवलं आणि माझं नाटक ठरलेल्या गावांच्या शेजारची गावं पालथी घातली. प्रत्येक मंडळाला ते एकच विचारत, "तिकडं नाटक आहे त्याच दिवशी तुमीही ठेवलं, तं पाहुने कुठून आनसान?"

एका गावचा म्हातारा अध्यक्ष तर चिडलाच. "येडे झाले काय सर? माही पोरगी त्याच गावात देल्ली. नाटकाच्या दिवशी जवई तिकडं न् मी इकडं? मंग माह्या घरचं मटन कोन खाईल?"

आमच्याकडे नाटक म्हणजे निम्मं नाटक आणि निम्मे पाहुणे. शेजारचं गाव जेवायला आलं नाही तर मांडव भरला तरी घर ओस. शेठला हवी ती तारीख एकाही गावानं दिली नाही. मुंबईची नटी वडशाच्या लॉजवर बसून राहिली, आणि शेठ स्वतः माझ्या ऑफिसात आला.

आता पाटी कोणाची उतरते ते बघू, असं मी मनाशी ठरवलं होतं. चहा आला. मी तोंड उघडायच्या आत सर म्हणाले, "शेठ, पिंपळटोला आन् कोसमघाट यंदापासून तुमी घ्या."

दोन्ही गावं माझी, दरवर्षी माझंच नाटक ठेवणारी. माझ्यावर जीव टाकणारी. शेठ दोन्ही नावं डायरीत लिहून उठून गेला आणि मी सरांवर ओरडलो.

"हरलेल्याले घरी जायाले रस्ता नाई ठेवला, तं तो तुमच्याच अंगनात मुक्काम करते," सर म्हणाले. "युरोपात पयल्या लढाईच्या तहात जर्मनीले पार पिळलं. एक इंग्रज तवाच वरडून सांगत होता, कोनी आयकलं नाई. मंग दुसरी लढाई झाली."

"मी युरोप नाई, सर!"

"म्हून तं दोन गावांवर भागलं."

मी त्यांच्याशी बोलणं तोडलं. रस्त्यात दिसले की ते स्कूटर हळू करून विचारत, "राग आहे ना, भाऊ?"

"आहे."

"राहू द्या," म्हणत आणि पुढे जात.

यंदा उन्हाळ्यात सर गेले. दिवाळीनंतर शेठ आपली तारखांची डायरी घेऊन माझ्या ऑफिसात आला. मी पहिलंच वाक्य बोललो, "माही दोन गावं वापस दे."

"सरनं देल्ली. सरलेच माग."

"सर कुठी आहेत आता?"

"मंग राह्यलं."

आम्ही एवढे तापलो की शेजारचे दुकानदार भांडण सोडवायला दारात जमा झाले. शेठ बोट नाचवत ओरडला, "तुझं नाटक कोनत्या दिवशी हाय ते आधी सांग! त्या दिवशी बाजूच्या गावात मी ठेवतच नाई!" मी तेवढ्याच जोरात तारीख सांगितली. त्यानं शिव्या देत ती लिहून घेतली. मग त्यानं त्याची ओरडून सांगितली, मी लिहिली. असं करत होळीपर्यंतच्या सगळ्या तारखा लागल्या. सोडवण्यासारखं काही उरलं नाही तेव्हा दुकानदार कंटाळून परत गेले.

पाटी अजून माझ्याच नावाची आहे. दोन गावांबद्दल मात्र मी सरांना माफ केलेलं नाही.