निळं फूल मिळेपर्यंत मशीन हलणार नाही

ठाण्याच्या मोठ्या हॉस्पिटलात एका तरुण डॉक्टरांनी माझ्या गुडघ्यावर रबरी हातोडी मारली. पाय उडाला नाही. दुसऱ्या गुडघ्यावर मारली, तोही ढिम्म. मग ते माझ्या नवऱ्याकडे वळून म्हणाले, "जीबीएस वाटतोय. गियां-बारे सिंड्रोम." नवरा नुसता मान हलवत राहिला. मी पलंगावरूनच म्हटलं, "डॉक्टर, आजार मला झालाय. मला सांगा."

त्यांनी सांगितलं आणि चांगलं सांगितलं. आपल्या शरीरात जंतूंशी लढणारी एक फौज असते. पोट बिघडलं, ताप आला की ती जंतूंना मारते. कधीतरी हजारो-लाखोंत एखाद्याच्या बाबतीत ती चुकते आणि आपल्याच नसांवर उठते. नसांवरचं वेष्टण खराब होतं आणि मेंदूचा निरोप हातापायांपर्यंत पोचत नाही. थोडक्यात, कुंपणानेच शेत खाल्लं. घाबरण्याच्या आधी मला राग आला, हे मी आधीच सांगून ठेवते.

आमचं गाव शेणव्याच्या अलीकडे. घरची भातशेती, नवरा भातसानगरला धरणावर पंप चालवतो आणि मी ब्लाउज शिवते. आजूबाजूच्या पाड्यांतल्या बायका माझ्याकडे येतात, शहापूरच्याही येतात. दिवाळीनंतर पोट बिघडलं, ते बरंही झालं. मग पायाच्या बोटांना मुंग्या यायला लागल्या. आजार हत्तीच्या पावलाने येतो आणि मुंगीच्या पावलाने जातो म्हणतात. माझा तर आलाच मुंग्यांनी.

एका सकाळी मशीनच्या पायडलवर पाय ठेवला, तो दाबला जाईना. संध्याकाळी सुई हातातून पडली. दुसऱ्या दिवशी मोरीत खाली बसले ती उठताच येईना. शेजारच्या काकी म्हणाल्या, "बाहेरचं काय लागलंय, भगताकडं ने हिला." मी म्हटलं, "भगताला शहापूरच्या दवाखान्यात बोलवा, मी तिथं असेन." शहापूरला डॉक्टरांनी तपासलं आणि ताबडतोब ठाण्याला पाठवलं.

वाचणाऱ्याला एवढंच सांगते. मुंग्या पायापासून सुरू होऊन वर चढायला लागल्या, ताकद जायला लागली, तर अशक्तपणा आहे म्हणून घरी बसू नका. त्याच दिवशी निघा. या आजारात वेळेला फार किंमत आहे.

तपासण्या झाल्या. लंबर पंक्चर म्हणजे कुशीवर वळवून, गुडघे पोटाशी घेऊन पाठीच्या कण्यातलं पाणी काढतात. ऐकून वाटतं तेवढं दुखत नाही. नर्व्ह कंडक्शन म्हणजे हातापायांना बारीक विजेचे झटके देऊन नस किती काम करते ते बघतात. ते मात्र वाटतं त्याहून जास्त लागतं. तिथल्या मुलीला मी म्हटलं, "माझा नवरा पंपाला करंट देतो, तू मला दे." ती हसली आणि पुढचा झटका दिलाच.

उपचार म्हणजे आयव्हीआयजी. हजारो लोकांनी दिलेल्या रक्तातून औषध काढतात आणि ते सलाइनसारखं सोडतात. माझ्या नसांवर उठलेल्या फौजेला ते आवरतं. त्या दिवसांत खरी भीती श्वासाची असते, कारण अशक्तपणा छातीपर्यंत चढू शकतो. म्हणून सिस्टर दर थोड्या वेळाने एका श्वासात आकडे म्हणायला लावायच्या. आकडे कमी पडले की व्हेंटिलेटर. तो पलंगाशेजारी आणून उभाच केला होता. मी त्याच्याकडे बघून मोठ्याने आकडे म्हणायची. वॉर्डातल्या बाया म्हणायच्या, हिची शाळा सुरू झाली. व्हेंटिलेटरची गरज पडली नाही आणि एके दिवशी तो दुसऱ्या कुणासाठी नेला, तेव्हा मी त्या दुसऱ्या माणसासाठी रडले.

घरी सोडताना मोठे डॉक्टर म्हणाले, "पाय बहुतेक येतील. हातांची ताकदही येईल. पण बोटांचं बारीक काम किती परत येईल, ते आज नाही सांगता येणार. वर्षही लागेल. कदाचित पूर्ण येणार नाही."

बाकीचं मी ऐकलं नाही. शिवणाऱ्या बाईकडे बोटांच्या बारीक कामाशिवाय असतं काय?

गावी आले तेव्हा वॉकर धरून ओटीपर्यंत जायची. अंगठा आणि पहिलं बोट यांची चिमूट जुळायची नाही. वेणी सासूबाई घालायच्या, घास भरवायच्या, काही बोलायच्या नाहीत. मला त्यांच्याबद्दल तक्रार नाही. पण एक दिवस ओटीवर त्या नवऱ्याला सांगत होत्या ते मी आतून ऐकलं. माझी नणंद मुरबाडला दिलेली आहे. तिच्या मुलीने शिवणाचा क्लास केला होता. "मशीन नुसतं गंजतं रे. पोरीला दिलं तर तिच्या कामाला येईल. हिला बघून बघून तरास व्हतो. शिमगा झाला की टेम्पो घेऊन येतील ते."

मी आतूनच ओरडले, "मशीनला कुणी हात लावायचा नाय!"

सासूबाई दारात आल्या. "अगो, तुझ्या बऱ्यासाठीच बोलते मी."

"माझ्या बऱ्याचं मी बघीन."

शहापूरच्या फिजिओथेरपी मॅडमनी स्पंजचा चेंडू दिला होता, दाबायला. मऊ मातीसारखा एक गोळा दिला होता, चिमटे काढायला. चेंडू दाबून दाबून मला त्या चेंडूचा वीट आला. आठवड्याने मी तो अंगणात भिरकावला. फारसा लांब गेलाच नाही, त्याचा आणखी राग आला.

नवऱ्याने चेंडू उचलला आणि त्याच्या जागी माझ्या हातात आपला मोबाइल दिला. त्यात त्याचा एक खेळ होता. ड्यूटी संपल्यावर खेळायचा तो आणि मी त्याला नको नको ते बोलायची. या खेळात मारामारी नाही. एक मोठं बेट आहे, डोंगर, नद्या, गुहा आहेत आणि एक बाई त्यात एकटी फिरते. झाडं आणि फुलं शोधायची, त्यांचे फोटो काढायचे. फोटो काढला की ते फूल तिच्या वहीत जमा होतं. डाव्या अंगठ्याने चालायचं, उजव्याने मान वळवायची. फोटो काढताना अंगठा आणि बोट काचेवर ठेवून चिमूट उघडायची, की चित्र मोठं होतं.

"सगळी फुलं काढली मी," तो म्हणाला. "एकच नाय मिळत. निळं. वरीस झालं."

पहिल्या दिवशी मी त्या बाईला सरळ नदीत घातलं. मग परत नदीत घातलं. अंगठा डावीकडे म्हटलं की उजवीकडे जायचा. नवरा म्हणाला, "पवायला शिकवतेस काय तिला?" मी त्या बाईच्या कोटाच्या बाह्या कशा चुकीच्या बसवल्यात ते त्याला सुनावलं, कारण दुसरं काही करता येत नव्हतं. पण आठवड्याभरात ती बाई पूल ओलांडायला लागली. मॅडमना दाखवलं तर त्या म्हणाल्या, "हीच पिंच ग्रिप. म्हणजे चिमटीची पकड. चेंडूपेक्षा हे छान आहे. पण दमलात की थांबायचं हं." थांबायचं सोडून मी बाकी सगळं ऐकलं.

मग मी सासूबाईंना स्पष्टच सांगितलं, "आई, ते निळं फूल मी काढीन. तोवर मशीन जागचं हलणार नाय." त्यांनी कपाळाला हात लावला. "काचेतलं फूल, आन् त्याच्यावर मशीन!" मलाही ते वेडेपणाचं वाटत होतं. पण डॉक्टर म्हणाले होते, सांगता येत नाही. जे कुणालाच सांगता येत नाही ते मीच का ठरवू नये?

खेळात एक खूण दिलेली होती. नवऱ्याने इंग्रजीतून वाचून सांगितली. उगवतीच्या कड्याखाली, उंच गवतात. तिथे पोचायला माझे किती दिवस गेले विचारू नका. पोचले तर गवत डोक्याच्या वर. त्यात हे बोटभर फूल शोधायचं कसं?

दिवस राबाचे होते. आमच्याकडे भाताची रोपं टाकायच्या आधी जमिनीच्या तुकड्यावर शेण, पाला, काटक्या, गवत पसरून ते पेटवतात. त्याला राब भाजणं म्हणतात. जमीन मोकळी होते, तण मरतं, रोप जोमात येतं. त्या दुपारी आमच्याच वावरातला धूर खिडकीतून घरात येत होता. लहानपणापासून हात एकच शिकलाय, गवत माजलं की भाजायचं. खेळातल्या बाईकडे गुहेत न्यायला पलिता असतो. मी तो पेटवला आणि गवताला लावला.

काय सुरेख भाजलं म्हणून सांगू! वाऱ्याची दिशा बघून लावला होता. गवत सरसर खाली बसत गेलं आणि त्याच्या मधोमध मला ते दिसलं. निळं, एकटं, मान वर करून उभं. मी चिमूट काचेवर टेकवेपर्यंत ते काळं झालं.

नवरा शेतातून हातपाय धुवून आला, त्याने पडद्याकडे पाहिलं. "राब भाजलास?" मी मान हलवली. तो हसायला लागला, पोट धरून हसला, मग माझ्याकडे बघून एकदम थांबला. मी रडत होते. हॉस्पिटलात सुया टोचल्या तेव्हा रडले नव्हते एवढी रडले. माझ्याच हाताने घालवलं होतं ते.

"दुसरं हाय गो," तो म्हणाला. "कड्याच्या माथ्यावर एक हाय म्हणतात. मला नाय चढता आलं."

"मग मी चढते," मी म्हटलं आणि नाक पुसलं.

कडा चढायचा तर अंगठा दाबून धरून ठेवावा लागतो. सोडला की बाई खाली. चेंडूला जे जमलं नाही ते त्या कड्याने केलं. पडायची, परत पायथ्यापासून. अंगठा थरथरायला लागला की थांबायची, तांदळाच्या पिठाचा गोळा मळायची, परत चढायची. वॉकर कधी सुटला ते माझ्या लक्षातच नाही, कारण लक्ष कड्यावर होतं.

शिमगा झाला आणि टेम्पो आला. नणंद, तिची मुलगी, ड्रायव्हर. मी तेव्हा कड्याच्या वरच्या अंगाला होते. सासूबाई म्हणाल्या, "पावनी आलीत, ठेव तो मोबाइल."

"आई, आता अंगठा सोडला तर मरेल ती."

नणंद उंबऱ्यातच थबकली. "कोण मरेल?"

नवरा माझ्या खांद्यामागे येऊन उभा राहिला. बाई माथ्यावर चढली. दगडाच्या कपारीत ते निळं होतं. मी अंगठा आणि बोट टेकवलं, हळूहळू उघडलं. बोटं थरथरली, चित्र हललं. परत टेकवलं. श्वास रोखला, तो आता माझाच होता, आणि धरून ठेवलं. खटकन फोटो निघाला. नवऱ्याने अशी आरोळी ठोकली की कोंबड्या उडाल्या.

"मिळालं!" मी म्हटलं. "मशीन नाय मिळणार."

नणंद कडू नाही, पण सरळ बोलणारी आहे. ती म्हणाली, "वैनी, मोबाइलात फूल काढलं म्हणून कापड शिवता येतं काय?"

प्रश्न बरोबर होता. मी उठले, मशीनजवळ जाऊन बसले आणि सगळ्यांसमोर सुईत दोरा ओवायला लागले. नाही गेला. दोरा ओला केला, परत प्रयत्न केला. नाही गेला. तिसऱ्यांदा दोऱ्याचं टोक सुईच्या बाजूने निसटलं, तेव्हा माझ्या कानशिलांना घाम आला होता.

मी दोरा मांडीवर ठेवला आणि म्हटलं, "नाय येत. आज नाय येत. तरी मशीन जाणार नाय."

मग सासूबाई पुढे आल्या. त्यांनी माझ्या मांडीवरचा दोरा उचलला, सुईपाशी नेला, डोळे बारीक केले. त्यांनाही जमेना. दहा वर्षं त्यांना सुई दिसत नाही, गोधडीचा दोरा मीच ओवून देते. त्या लेकीकडे वळून म्हणाल्या, "मला दिसत नाय म्हणून माझी सुई कुणी नेली नाय गो. मी हिची न्यायला निघाले." आणि जावयाला करतात तसा जेवणाचा आग्रह करून त्यांनी टेम्पोवाल्याला पाटावर बसवलं.

भाचीने दोरा ओवून दिला. ती आता आठवड्यातून दोनदा मुरबाडहून येते आणि माझ्याच मशीनवर माझ्याकडून काज करायला शिकते. क्लासमध्ये काज नीट शिकवले नव्हते, हे मी पहिल्याच दिवशी तिला ऐकवलं.

माझी बोटं पूर्ण आलेली नाहीत. थंडीत ती अजून बधिर होतात, हुक लावायला मला दुप्पट वेळ लागतो. ज्यांच्या रक्ताने मला उभं केलं ती माणसं कोण, मला कधीच कळणार नाही. त्यांना आणि वॉर्डातल्या सिस्टरांना माझा नमस्कार. हे वाचणाऱ्या कुणाला डॉक्टर म्हणाले असतील, किती परत येईल सांगता येत नाही, तर त्यांचं ऐका, औषध घ्या, व्यायाम करा. पण तुमचं मशीन, तुमचा कोयता, तुमची गाडी न्यायला कुणी दारात आलं, मायेने आलं तरी, तर उंबऱ्यात आडवे बसा. बरे झालो की नाही, ते मागाहून बघता येईल.