पोल्डीची वाक्यं सावरणारी बाई

हेडविग प्रासलने नटी व्हायचं ठरवलं तेव्हा ब्रुकच्या त्यांच्या घरात आठवडाभर कुणी धड जेवलं नाही. बाप रेल्वेत सांधेवाला, आई स्टेशनमास्तरांच्या घरचे कपडे इस्त्री करणारी. नटी म्हणजे त्यांच्या लेखी हातची गेलेली पोरगी. आईने शेवटी एवढंच विचारलं, तिथे हिवाळ्यात खोली गरम करतात का? हेडविगने हो म्हणून ठोकून दिलं. ग्राझच्या नाटक मंडळीत तिला मिळालेल्या खोलीत पहिल्याच हिवाळ्यात तोंड धुवायचं पाणी गोठलं, पण ते तिने घरी कधी कळू दिलं नाही.

पहिली काही वर्षं तिने रंगमंचावर ट्रे आणून ठेवले, "मालक आले" असं सांगितलं आणि ती आत गेली. मग लेओपोल्ड वुर्झिंगरच्या जोडीला तिला उभं केलं आणि तिचं नशीब फळफळलं. हा पोल्डी म्हणजे सगळ्या गावाचा लाडका विनोदी नट. तो नुसता दारात येऊन उभा राहिला तरी गॅलरीतल्या बायका तोंडाला रुमाल लावायच्या. देवाने त्याला सगळं दिलं होतं, पाठांतर तेवढं द्यायचं राहिलं होतं. तिसऱ्या अंकापर्यंत गड्याची पाटी कोरी. समोर पेटीत विसरलेलं वाक्य पुरवायला प्रॉम्प्टर बाई बसलेली असे, पण तिच्याकडे बघणं म्हणजे नवशिक्यांचं काम, असा याचा तोरा. तो बघायचा हेडविगकडे. डोळे मोठे करायचा, खालचा ओठ लोंबता सोडायचा आणि टेबल, खुर्ची, जे हाताला लागेल त्यावर बोटं वाजवायचा. लोकांना वाटे, काय बावळटाचं सोंग आणलंय! हेडविगला कळे, स्वारी अडकली.

मग ती त्याचं वाक्य स्वतःच्या तोंडात घेई. "म्हणजे तुमच्या मनात असं आहे तर," असं म्हणून त्याचं अख्खं भाषण त्यालाच ऐकवी, वर दोन टोमणे हाणी, आणि पोल्डी नुसती मान डोलावून टाळ्या घेऊन जाई. पुढे पुढे लोक तेच बघायला येऊ लागले. पोल्डी अडकला नाही तर तिकीट फुकट गेल्यासारखं त्यांना वाटे. युद्धात नाटकगृह बंद पडलं, पुन्हा उघडलं, उपाशी पोटाने दोघं पुन्हा उभी राहिली. हेडविगच्या हाडात एकच गोष्ट मुरली. समोरचा गप्प झाला की आपण बोलायचं. विचार करायचा नाही, बोलायचं.

त्रेचाळिसाव्या वर्षी नव्या संचालकाने तिला बोलावून कॉफी पाजली आणि घरी पाठवलं. प्रेयसी शोभत नाही, आई शोभायला अजून अवकाश आहे, मधल्या वयाच्या बाईला नाटकात काम काय, असं तो अगदी गोड आवाजात म्हणाला. पोल्डी दोन दिवस कामावर गेला नाही. तिसऱ्या दिवशी गेला, कारण घरी बायको होती आणि भाडं होतं. हेडविगने त्याचा राग धरला नाही.

ती रेडिओवर गेली. आधी हवामान, डोंगरातल्या रस्त्यांवर बर्फ किती, गुरांच्या बाजारात भाव काय. पहिल्या दिवशी तिचा खणखणीत आवाज ऐकून काचेपलीकडचा ध्वनियंत्रक फेर्डल कानावरचे फोन काढून बाहेर आला. "बाई," तो म्हणाला, "शेवटच्या रांगेत कुणी नाहीये. ऐकणारा तुमच्या स्वयंपाकघरात बसलाय, कांदा चिरतोय." ती शिकली. नाटकातलं बहुतेक सगळं तिला विसरावं लागलं. एक मात्र तिथेही तेच होतं. रेडिओवर शांतता म्हणजे अपघात. क्षणभर आवाज थांबला तरी लोक उठून डब्याला थापडा मारतात, आणि वरच्या मजल्यावरून साहेबांचा फोन येतो. गप्प राहायचं नाही, हे तिला तिथे कुणी शिकवावं लागलं नाही.

काही वर्षांत तिचा रविवारचा कार्यक्रम घरोघरी पोचला. चर्चमधली मिस्सा आटोपून लोक घरी यायचे, सूप उकळत असायचं आणि अकरा वाजता हेडविग कुणातरी पाहुण्याशी गप्पा मारायची. थेट, काही लिहून न घेता. भाजीबाजारात बायका चेहरा बघून नाही, "अर्धा किलो" ऐकून तिला ओळखायच्या.

पोल्डीला सत्तर पूर्ण झाली तेव्हा पाहुणा कोण हे विचारायलाच नको होतं. त्याची बायको ओटीली त्याला रेडिओ केंद्राच्या दारापर्यंत सोडायला आली. सकाळपासून याचं डोकं दुखतंय, ती म्हणाली, हातातून कपही पडला, पण येणार म्हणून हटून बसलाय. हेडविग हसली. पहिल्या प्रयोगाच्या दिवशी याच्या हातून काय काय पडायचं ते तिला ठाऊक होतं. ओटीलीही हसली आणि सूप टाकायला घरी गेली.

फेर्डलच्या काचेकडे पाठ करून पोल्डी बसला, हेडविग समोर. लाल दिवा लागला आणि म्हातारा सुटला. मुराऊ गावच्या दौऱ्यातली बदकाची गोष्ट काढली. नाटकात खरं बदक हवं म्हणून शेतकऱ्याकडून मागून आणलेलं, ते पोल्डीच्या काखेतून सुटलं, दिव्यांवरून उडी मारून खाली लोकांत गेलं. "आणि ते पहिल्या रांगेत जाऊन सरळ," पोल्डी म्हणाला, आणि थांबला.

त्याने हेडविगकडे बघितलं. डोळे मोठे झाले. ओठ खाली लोंबला. बोटं टेबलावर वाजू लागली.

हेडविगच्या मनात आलं, लबाड कुठला, सत्तरीतही खोड जात नाही. आणि तिला इतका आनंद झाला की काय सांगावं. नऊ वर्षांनी ते दोघं पुन्हा एका रंगमंचावर होते. "सरळ पाद्रीसाहेबांच्या मांडीवर!" ती म्हणाली. "म्हणजे तुमच्या मनात असं आहे तर, की पाद्रीसाहेबांनी त्याला तिथेच आशीर्वाद द्यायला हवा होता?" पोल्डीच्या घशातून "हं" असं काहीतरी आलं. ती पुढे गेली. त्याच्या घोगऱ्या आवाजाची नक्कल केली, स्वतः प्रश्न विचारले, स्वतः उत्तरं दिली, त्याला टोमणे मारले. काचेपलीकडे फेर्डल पोट धरून हसत होता. पोल्डी तिच्याकडे बघत होता, बोटं वाजवत होता. मग नुसतं एकच बोट. तिने कार्यक्रम वेळेवर संपवला, दोघांच्या वतीने लोकांना जेवणाच्या शुभेच्छा दिल्या. लाल दिवा विझला.

"पुरे आता, पोल्डी," ती म्हणाली. "सोंग आवर."

पोल्डीच्या ओठाच्या एका कोपऱ्यातून लाळ ओघळली होती. तो खुर्चीवरून एका बाजूला कलला, आणि फेर्डल धावत येईपर्यंत जमिनीवर होता.

इस्पितळात डॉक्टरांनी सांगितलं, मेंदूत रक्ताची गाठ अडकली आहे, उजवं अंग गेलं, वाचा गेली. हेडविगने विचारलं, अर्धा तास आधी आणलं असतं तर? डॉक्टर तरुण होता, प्रामाणिक होता. सांगता येत नाही, म्हणाला. हो किंवा नाही यातलं काहीही चाललं असतं. हे उत्तर घेऊन कुठे जायचं तेच तिला कळेना.

ओटीली बाहेर बाकावर बसली होती, अंगात घरातलाच एप्रन. हेडविग तिच्यासमोर जाऊन उभी राहिली, शिव्या खायच्या तयारीने. ओटीलीने तिला शेजारी बसवलं. "मला कळलं होतं तूच बोलतेयस," ती म्हणाली. "चाळीस वर्षं संसार केलाय, आवाज ओळखीन नाही तर काय. मला वाटलं, विसरला मेला. मी हसले गं, हेडी. पळी हातात धरून एकटी हसत होते."

एक माणूस मदत मागत होता आणि अख्खा प्रांत सूप पिता पिता हसत होता.

खरा कहर पुढे झाला. तो कार्यक्रम लोकांना बेहद्द आवडला. आजवरचा सगळ्यात छान, असं बाजारात बायका तिचे हात धरधरून सांगू लागल्या. पोल्डी आजारी आहे एवढंच बाहेर कळलं होतं, कधी आणि कसा ते नाही. गुरुवारी साहेबांनी तिला वर बोलावलं. पोल्डीला बरं वाटावं म्हणून येत्या रविवारी तोच कार्यक्रम पुन्हा लावू, म्हणाले. टेप आहेच. हेडविगला वाटलं, यांना काय झालं ते माहीत नाही. पण त्यांना सगळं माहीत होतं, फेर्डलने सांगितलं होतं. तिने टेप लावायला सांगितली. बदक उडालं, पोल्डी थांबला, आणि तिच्या खिदळत्या आवाजाखाली ती बोटं ऐकू येऊ लागली. टकटक, टकटक. फेर्डलने मान फिरवली. साहेब डोळे मिटून हसत होते.

"काय जिवंतपणा आहे हो!" ते म्हणाले.

हेडविगने त्यांच्याकडे बघितलं. या माणसाला दोन कान आहेत, तो चर्चमध्ये ऑर्गन उत्तम वाजवतो, आणि त्याला हे ऐकू येत नाही. ठीक आहे, लावू, ती म्हणाली. फक्त आधी दोन शब्द मी बोलेन.

रविवारी अकराला लाल दिवा लागला. तिने सांगितलं ते अगदी साधं, कांदा चिरणाऱ्या माणसाला सांगावं तसं. गेल्या रविवारी पोल्डी वुर्झिंगर वाक्य विसरला नव्हता. माझ्या डोळ्यांसमोर त्याला झटका आला. तो मला बोलावत होता आणि मी त्याच्या जागी बोलत राहिले. तुम्ही हसलात, तुमचा दोष नाही. मी हसवलं. ती टेप आज लागणार नाही. कधीच लागणार नाही.

यापुढे तिला निरोप घ्यायचा होता. तो तिला घेता आला नाही. तोंड उघडलं, आवाज आला नाही, आणि आयुष्यात पहिल्यांदा तो ओढून आणावा असं तिला वाटलं नाही. फेर्डलच्या हाताशी संगीताची कळ होती. त्याने हात मांडीवर ठेवले. फोन वाजू लागले, साहेब जिना उतरत ओरडत होते. घराघरात लोक उठून रेडिओला थापडा मारत असणार. हेडविग गप्प बसून राहिली.

साहेबांनी स्वतः येऊन कळ दाबली. ती बाहेर व्हरांड्यात आली तेव्हा दारावरचा शिपाई फोन धरून उभा होता. इस्पितळातून ओटीली बोलत होती, धापा टाकत.

"तू ठीक आहेस ना? आधी ते सांग."

हेडविगने विचारलं, पोल्डीला काय झालं?

"त्याला काही नाही झालं. रेडिओ उशाशी लावला होता. तू बोललीस तोवर निमूट पडून होता, डोळ्यांतून पाणी येत होतं. मग तू गप्प झालीस आणि हा बिथरला. डाव्या हाताने पलंगाचा लोखंडी दांडा बडवायला लागला, गुरासारखा ओरडायला लागला. दोन नर्स धावत आल्या. आम्हाला वाटलं, याला पुन्हा झटका आला. तर हा रेडिओकडे बोट दाखवतोय, दाराकडे दाखवतोय, आम्हाला ढकलतोय." ओटीलीने दम घेतला. "हेडी, तुला काहीतरी झालंय असं वाटलं गं त्याला. कुणीतरी धावा, तिच्याकडे जा, असं सांगत होता. फोन करेपर्यंत मला सोडेना."

शिपायाने खुर्ची पुढे केली. हेडविग बसली नाही.

"हेडी? आहेस ना तू?"

"आहे," ती म्हणाली. "मला काही झालं नाही, सांग त्याला."