चाफ्याला उत्तर

वसुधाकाकू गेल्याचं काकांनी मला लिफ्टपाशी सांगितलं. सिंगापूरमधल्या पासिर रिसच्या आमच्याच ब्लॉकमध्ये त्या राहायच्या. माझ्या हातात त्यांच्यासाठी उचललेला चाफा होता, त्याला बांधलेल्या चार ओळी होत्या... आता याला उत्तर कोण देणार, हे आधी मनात आलं. रडू नंतर आलं.

मी परांड्याची, घरातली पहिली पदवीधर. सिंगापूरला नोकरीसाठी आले तेव्हा कोडशिवाय काही लिहीत नव्हते. काका जहाजावर इंजिनीअर. त्यांच्यामुळे काकू काही वर्षं कोबेला राहिलेल्या, तिथे जपानी शिकलेल्या. हजार वर्षांपूर्वी जपानच्या दरबारातल्या बायकांनी काय काय लिहिलं, ते त्या मला शनिवारी चहा पिताना मराठीत सांगायच्या. त्या बायका चार-पाच ओळी लिहून ऋतूतल्या फांदीला बांधून पाठवत आणि उत्तर त्याच दिवशी जायला हवं, असा रिवाज होता.

"आपणही करू," काकू म्हणाल्या.

"पण इथे ऋतू कुठे आहेत, काकू?"

"एसीतून बाहेर ये, दिसतील. फक्त खाली पडलेलं उचल, तोडू नकोस. नाहीतर दंड भरशील."

पहिल्या वेळी मी कढीपत्ताच बांधला. ओळी आईच्या वरणावर होत्या, मला तेच सुचलं. काका म्हणाले, "हा दरबार आहे की भाजीबाजार?" काकूंनी मात्र ओळी दोनदा वाचल्या. "त्या बायकांनी आसवं टिपून ओल्या झालेल्या बाह्या आणि वाट बघणं लिहिलं, ते आजवर टिकलं. तुझ्या आईचं वरण का टिकू नये?" असं म्हणून त्यांनी पानं फोडणीत टाकली. परांड्यातलं काही लिहिण्याजोगं असतं, हे मला त्याआधी कुणी सांगितलं नव्हतं. आज मी जे थोडंफार लिहिते, ते त्या दुपारपासून.

काकूंना जाऊन काही आठवडे झाले. मागच्या शनिवारी सकाळी सवयीने चाफा उचलला, ओळी बांधल्या आणि त्यांच्या लोखंडी दाराला अडकवून आले. उत्तराची आशा नव्हती. काकांनी जन्मभर लॉगबुकापलीकडे काही लिहिलेलं नाही.

दिवेलागणीच्या आत माझ्या दाराला कढीपत्त्याची काडी होती, रबरबँडने कागद बांधलेली. अक्षर ठसठशीत, इंजिनीअरचं. 'चाफा तिच्या पेल्यात ठेवला आहे. वरण केलं आहे. जेवायला ये.'

काडीवर शेंड्याची पानं तेवढी उरली होती. बाकीची वरणात गेली असणार.